मास्तर खालीच आहे

वरून आवाज यायचा, "खाली आहे का?" आणि खालून उत्तर जायचं, "मास्तर खालीच आहे."

उत्तर देणारे मास्तर स्वतःच असायचे. स्वतःबद्दल असं तिऱ्हाइतासारखं बोलायची त्यांना सवय होती. "मास्तर जेवला", "मास्तरले आज कणकण आहे", "मास्तर आता झोपते". उत्तर देऊन झालं की ते जिन्याखालचं पाण्याच्या मोटरचं बटन दाबायचे, मोटर घुरघुरायला लागायची, पाणी वर मालकांच्या टाकीकडं निघायचं, आणि मास्तर दारात उभे राहून ट्रम्पेटवर तीन सूर मारायचे. पहिला सूर नीट लागायचा. दुसऱ्याला दम कमी पडायचा. तिसरा ऐकून समोरच्या गोठ्यातली म्हैस, ओळखीचं कोणी आल्यासारखी, मान वळवून दाराकडं पाहायची.

मास्तर म्हणजे बँडमास्तर. लग्नाच्या वरातीत पुढं चालणारे, खांद्यावर सोनेरी झुबके, पायात मात्र स्लीपर. तुमच्या लग्नात असाच कोणीतरी घाम पुसत वाजवत गेला असेल आणि तुम्ही त्याच्याकडं पाहिलंही नसेल. मीही पाहिलं नसतं. पण मी त्यांच्या घरात राहिलो. म्हणजे तसा राहिलो नाही, पण होतो. हे जरा समजावून सांगावं लागेल.

मी फुलसावंगीकडच्या एका बंजारा तांड्यावरचा. आठवीत शाळा सुटली आणि पुढं काही वर्षांनी मी वणीला आलो, कोळशाच्या ट्रकवर ताडपत्री बांधायच्या कामाला. जिल्हा तोच, पण ह्या टोकाहून त्या टोकाला. याडीला, म्हणजे आईला, फोन केला की ती पहिला प्रश्न विचारायची, तिकडच्या लोकांची बोली कळते का तुला. जसं काही मी समुद्रापलीकडं गेलो होतो. मला तर तसंच वाटायचं. त्यात माझा स्वभाव काळजीचा. ताडपत्रीची गाठ मारून ट्रक सोडला की वाटायचं, गाठ सैल राहिली. एकदा एका ट्रकमागं मी चंद्रपूरच्या रस्त्यावर रेल्वे फाटकापर्यंत धावत गेलो. गाठ पक्की होती. ड्रायव्हर म्हणाला, "अबे, इतलं प्रेम तर माही बायको नाही करत."

मास्तरांची भेट चहाच्या टपरीवर झाली. कोळशाच्या धुळीनं मला खोकल्याची उबळ आली होती. शेजारच्या बाकड्यावरचा म्हातारा कप खाली ठेवून डोळे मिटून ऐकायला लागला. मला वाटलं वैतागला. खोकला थांबला तसा म्हणाला, "अजून एकडाव खोकल बरं."

"काहून?"

"तुहा खोकला सेम माह्यासारखा आहे बे. खालून सुरू होते अन् मंग वर जाते. राहाले कुठी आहे तू?"

"ट्रकवाल्यांच्या शेडमध्ये."

"मंग चाल माह्यासंग."

मला नोकरी देताना माझं शिक्षण कोणी विचारलं नव्हतं, पण खोकल्यावर घर मिळेल असंही कधी वाटलं नव्हतं.

घरी पोचल्यावर कळलं की मास्तरांना खोकल्याची निकड का होती. त्या घराच्या खालच्या दोन खोल्या मूळ त्यांच्या मामाच्या नावानं भाड्यानं होत्या. मामाही बँडवालाच. मास्तर चड्डीत होते तेव्हा मामाकडं आले ते तिथंच वाढले, मामाला शेवटी घास भरवला तोही त्यांनीच. मामा गेला. वर राहणाऱ्या मालकांना मुलासाठी खाली मोबाईलचं दुकान काढायचं होतं. त्यांनी वकिलाकडून नोटीस धाडली. नोटिशीत दोन गोष्टी. एक, भाडेकरू मेला आणि भाचा काही घरचा माणूस नव्हे, तेव्हा भाडेकरूचा हक्क त्याला मिळत नाही. दोन, घर कायम बंद असतं, तिथं कोणी राहतच नाही.

दुसऱ्या गोष्टीला थोडा आधार होता. लग्नसराई आली की बँड गावोगाव फिरायचा. आज ढाणकी, उद्या पांढरकवडा, परवा आणखी कुठं. दार बंद. मास्तरांच्या वकिलानं त्यांना सांगितलं की कारण नसताना सलग सहा महिने घर वापरात नाही असं दिसलं, तर घर हातचं जाईल. मास्तरांनी ह्यातलं 'कारण नसताना' ऐकलंच नाही. 'सलग'ही सोडून दिलं. त्यांनी फक्त 'सहा महिने' आणि 'बंद' एवढंच धरलं आणि त्या दिवसापासून घराला कुलूप लावणं सोडलं. कडीला युनिफॉर्मचा एक सोनेरी झुबका गुंडाळून ठेवायचे. घरात कुलूप हा शब्द काढायची बंदी होती. मी एकदा चुकून बोललो तर म्हणाले, "हळू बोल. भिंतीले कान अन् मालकाले वकील आहे."

माझं काम त्यांनी पहिल्याच दिवशी समजावून सांगितलं.

"मास्तर लग्नाले गेला की दिवे लागणीले बल्ब लावाचा. मंग दाराजवळ उभं राहून खोकलाचं. वर ऐकू गेलं पाहिजे."

"आणि कोणी दार वाजवलं तर?"

"तर तू नाही."

"मग खोकतं कोण?"

"मास्तर."

"पण मास्तर तर ढाणकीला."

"म्हणूनच तर तुले आणलं ना बावा."

माझं असणं लपवायचं कारण वेगळंच होतं. वकिलानं त्यांना आणखी एक भीती घालून ठेवली होती. मालकाला न विचारता दुसऱ्याला भाड्यानं ठेवलं तर तो पोटभाडेकरू, आणि पोटभाडेकरू ठेवला म्हणूनही घर जाऊ शकतं. म्हणजे घरात कोणी नसलं तरी पंचाईत, आणि मी असलो तरी पंचाईत. घर रिकामं नाही हे दाखवायचं, पण त्यात मी आहे हे दाखवायचं नाही. माझ्यासारख्या घाबरट माणसाला ह्याहून अवघड काम कोणी दिलं नसेल. मी पायांचा आवाज न करता चालायचो आणि मधूनच मोठ्यानं खोकायचो.

हे फार दिवस टिकणार नव्हतंच. एका सकाळी मी दात घासत दारात उभा आणि मालक जिन्यावरून समोर. मास्तर शेजारीच होते.

"हा कोण?"

"पाहुणा," मास्तर म्हणाले.

"कवा जाणार?"

"उद्या."

त्या दिवसापासून माझं नाव पाहुणा पडलं. मास्तरांनी माझ्याकडून कधी भाडं घेतलं नाही. मी द्यायला गेलो की दोन्ही हात पाठीमागं बांधायचे. "भाडं घेतलं का तू पोटभाडेकरू. नाही घेतलं का पाहुणा. तुले माहं घर घालवाचं आहे काय?" मी भाजी आणायचो, गॅस भरून आणायचो, तेही घाबरत घाबरत, हे भाड्यात तर मोजत नसतील ना म्हणून. मालक भेटले की विचारायचे, "काय पाहुणे, कवा?" मी म्हणायचो, "उद्या." ते म्हणायचे, "बरं." मालकीणबाई पोळ्याला वरूनच हाक मारायच्या, "ओ पाहुणे, उद्या जाता ना, मंग आज पुरणपोळी खाऊन जा." मी खाऊन यायचो. त्या घरात मी असे कितीतरी पोळे उद्या जाणार होतो.

मालक तसे वाईट नव्हते. नोटिशीनंतर दावाही लावला, पण सकाळी पाण्यासाठी हाक मारायचे ते मारायचेच. टाकी वर आणि बटन खाली, त्याला तेही काय करणार? तारीख असली की दोघं एकाच ऑटोनं कोर्टात जायचे. जाताना बोलायचे नाहीत. येताना मास्तर ऑटोवाल्याला म्हणायचे, "त्यायले विचार, पाणी संध्याकाळी पाहिजे काय." ऑटोवाला मागं वळून विचारायचा. मालक ऑटोवाल्यालाच सांगायचे, "पाहिजे म्हणा."

आणि सकाळच्या त्या 'खाली आहे का' हाकेतूनच मालकांना युक्ती सुचली. खाली म्हणजे वरच्या उलट, हे तर सगळ्या महाराष्ट्रात. पण आमच्याकडं खाली म्हणजे रिकामंही. डबा खाली, खिसा खाली, घर खाली. मालकांनी एका सकाळी मोबाईलवर आवाज भरून घेतला आणि वकिलाला नेऊन दिला.

कोर्टात त्या दिवशी मलाही जायचं होतं, साक्षीला. आदल्या दिवशीपासून मला जेवण गेलं नव्हतं. मास्तरांचं घर माझ्या तोंडात होतं. मास्तर म्हणाले, "खरं ते सांग. फक्त जास्त सांगू नको."

पिंजऱ्यात उभं राहून मी शपथ घेतली. मास्तर तिथं राहतात, मी रोज बघतो, असं सांगितलं. मग मालकांचे वकील उठले.

"रोज बघता. कुठून?"

"घरातून."

"कोणाच्या घरातून?"

मी म्हणालो, "मी पाहुणा आहे साहेब."

"कधीपासून?"

"बरेच दिवस झाले."

"आणि जाणार कधी?"

तोंडातून जे रोज निघायचं तेच निघालं. "उद्या."

मागच्या बाकावर मालक बसले होते. ते सवयीनं म्हणाले, "बरं."

कोर्टात हसू उसळलं. जज्ज मॅडमनी चष्म्यावरून सगळ्यांकडं पाहिलं तेव्हा थांबलं.

मग मास्तरांना उभं केलं. वकील म्हणाले, भाचा हा काही कुटुंबातला नव्हे. मास्तर म्हणाले, "मॅडम, आमच्याकडं मामा भाच्याच्या पाया पडते. दर सणाले मामा माह्या पाया पडे. अन् हे म्हणते मी त्याचा कोणीच नाही. मंग तो काय रस्त्यानं जाणाऱ्याच्या पाया पडत होता?" मॅडमनी मालकांकडं पाहिलं. मालकांनी मान खाली घातली. आठवड्याभरापूर्वीच त्यांचा भाचा नागपूरहून आला होता आणि ते जिन्यातच त्याच्या पाया पडले होते. आम्ही खालून पाहिलं होतं.

वकिलांनी मग मोबाईल काढला. म्हणाले, घर रिकामं असल्याचं मास्तर स्वतःच्या तोंडानं कबूल करतात, ऐका. मास्तरांचे वकील हरकत घ्यायला उठले, मॅडमनी त्यांना बसवलं. आवाज लागला.

"खाली आहे का?"

"मास्तर खालीच आहे."

वकिलांनी लगेच बंद केलं. म्हणाले, "घर खाली आहे का, असा प्रश्न. खालीच आहे, असं उत्तर. ह्या भागात खाली म्हणजे रिकामं, हे कोर्टाला माहीत आहे."

मास्तरांचा चेहरा पडला. मी त्यांना वरातीत उन्हात वाजवताना पाहिलं होतं, तापात पाहिलं होतं, पण असं कधी पाहिलं नव्हतं. मामाच्या दोन खोल्या आपल्याच तोंडानं घालवल्या असं त्यांना खरंच वाटलं. ते हळूच म्हणाले, "मास्तर खाली, म्हणजे मास्तर रिकामा?" आणि स्वतःच्या छातीकडं बघायला लागले.

मॅडम म्हणाल्या, "पुढचं लावा."

"पुढं काही नाही मॅडम."

"लावा तरी."

पुढं मालकांचा आवाज होता, "दाब मंग." मग मोटरची घुरघुर. मग तीन सूर. तिसरा लागला तेव्हा पट्टेवाल्यानं खिडकीतून बाहेर पाहिलं, कंपाउंडात जनावर घुसलं की काय म्हणून.

मॅडमनी मालकांना विचारलं, "रिकाम्या घरात मोटरचं बटन कोणी दाबलं?"

"मास्तरनं," मालक म्हणाले.

"तेव्हा मास्तर कुठं होते?"

मालकांनी वकिलाकडं पाहिलं, मग छताकडं पाहिलं. खरं बोलायची त्यांनाही सवय होती. म्हणाले, "खाली."

निकाल नंतर लागला आणि दावा फेटाळला गेला. पण मला विचाराल तर तो त्या एका शब्दालाच फेटाळला गेला होता. त्या दिवशी येताना मालक ऑटोवाल्याला म्हणाले, "त्यायले सांग, तिसरा सूर मोबाईलवर चांगला येते."

मला मात्र चैन नव्हतं. शपथेवर मी उद्या जाणार म्हणालो होतो. खोटी साक्ष दिली म्हणून मला धरलं तर? मास्तरांना बोललो. ते विचार करून म्हणाले, "मंग जा उद्या. वापस येशील कवा, हे कुठी विचारलं त्यायनं?" दुसऱ्या दिवशी मी खरंच पिशवी घेऊन एसटीत बसलो. तांड्यावर याडीच्या हातची भाकरी खाल्ली, तिला सगळं सांगितलं, ती म्हणाली, असा माणूस सोडू नकोस. त्याच्या दुसऱ्या दिवशी परत आलो. मास्तर दारात उभे. "या पाहुणे," म्हणाले, "किती दिवस आहे?"

निकालानंतर मास्तरांनी पहिली खरेदी केली ती कुलपाची. एवढं मोठं की कडी वाकली. हौसेनं लावलं, आम्ही दोघं चहाला गेलो, आणि परत आल्यावर कळलं की किल्ली आतच खुंटीला आहे. जिन्यावर बसून राहिलो. शेवटी मालक वरून हातोडी घेऊन उतरले. कुलूप फोडता फोडता म्हणाले, "दावा जिंकून घर उघडता नाही आलं, हरून उघडून राह्यलो." त्यावर मास्तर इतके हसले की त्यांना खोकला लागला, आणि त्यांचा खोकला ऐकून मलाही लागला. मालकीणबाईंनी वरून विचारलं, "दोघं आहे की एकच?"

पुढं मास्तरांचा दम कमी होत गेला. तीनाचे दोन सूर झाले, मग एक. वरातीत ते नुसते पुढं चालायचे, वाजवायची पोरं. एका दिवशी ते वकिलाकडं जाऊन आले आणि खाटेवर बसून माझ्याकडं पाहत राहिले.

"तुले दत्तक घेता येते काय, विचाराले गेलतो. वकील म्हणे, एवढा घोडा दत्तक घेता येत नाही."

"मास्तर, कशाला?"

"मंग म्हटलं, भाचा दत्तक घेता येते काय. तर म्हणे, भाचा बहिणीले व्हा लागते. माह्या नशिबात बहीण नाही. मास्तर गेल्यावर तू कोण म्हणून राहशील इथं?"

मी नुकताच कामावरून आलो होतो, पाय धुवायचे होते. मास्तर खाटेवरून उठले, मला वाटलं पाणी प्यायला उठले. ते वाकले आणि त्यांनी माझ्या पायांवर डोकं ठेवलं. मी मागं उडी मारली ती बादलीवर गेली, बादली लवंडली, घरभर पाणी.

"मास्तर, हे काय करता?"

"गप राह्य. आमच्याकडं मामा भाच्याच्या पाया पडते. मास्तर पडला. आता तू कोण झाला, ते तूच पाह्य."

त्यांच्या कपाळाला माझ्या पायांचा कोळसा लागला होता. पुसायला गेलो तर हात झटकला. दिवसभर तसेच फिरले.

त्याच थंडीत ते गेले. दवाखान्यात शेवटचं बोलले ते एवढंच, "बल्ब लावला काय?" मी लावून आलो होतो. बँडची पोरं आली, घाटापर्यंत वाजवत गेली. सगळे सूर बरोबर लागत होते. मास्तर त्यात नाहीत, हे मला त्यावरूनच कळलं.

तेरावं झाल्यावर मी पिशवी भरली. मालक खाली आले. इतक्या वर्षांत ते खोलीच्या आत कधी आले नव्हते. खुंटीवरच्या ट्रम्पेटकडं पाहत राहिले.

"मालक, मी कायद्यात बसत नाही," मी म्हणालो. "माहीत आहे मला."

"तुह्यापेक्षा मले जास्त माहीत आहे," ते म्हणाले. "मलेच तर शिकवला तो कायदा त्यायनं. कवा जातो?"

"उद्या."

"बरं," म्हणाले आणि वर गेले.

दुसऱ्या दिवशी पहाटे मी पिशवी मांडीवर घेऊन बसलो होतो. एसटीला वेळ होता. वर भांडी वाजत होती. मग जिन्यावरून आवाज आला, नेहमीपेक्षा हळू, कोणाला ऐकू जाऊ नये असा.

"खाली आहे का?"

मला उत्तर द्यायचं होतं. पण तोंड उघडलं तर खोकलाच आला. खालून सुरू झाला आणि वर गेला. वरची भांडी थांबली.

"मास्तर?"

"नाही मालक. पाहुणा आहे."

मग मालक खाकरले.

"बरं. दाब मंग."

मी पिशवी खाली ठेवली आणि बटन दाबलं. मोटर घुरघुरायला लागली, आणि समोरच्या गोठ्यातली म्हैस मान वळवून आमच्या दाराकडं पाहत राहिली.